वॉटसनचा लोखंडी सांगाडा

मुंबईच्या काळा घोडा भागात महात्मा गांधी रस्त्याच्या एकाच कडेला चार जुन्या इमारती ओळीने उभ्या आहेत. एल्फिन्स्टन महाविद्यालय, डेव्हिड ससून वाचनालय, आर्मी अँड नेव्ही बिल्डिंग आणि एस्प्लनेड मॅन्शन. पहिल्या तिन्ही दगडी आणि देखण्या. दर फेब्रुवारीत कलामहोत्सव भरतो तेव्हा त्यांच्यासमोर फोटो काढणाऱ्यांची रीघ लागते. चौथीची कळा वेगळी. तिच्या सज्जांची दैना झालेली, खांबांवर गंजाचे थर, जागोजागी टेकू. चालणारा माणूस मान वर करून तिच्याकडे बघतो ते कौतुकाने नव्हे, डोक्यावर काही पडेल या धास्तीने.

या चौथ्या इमारतीचे मूळ नाव वॉटसन्स एस्प्लनेड हॉटेल. जुन्या मुंबईची आवड असणाऱ्यांना तिच्याबद्दलच्या तीन गोष्टी हमखास ठाऊक असतात. मार्क ट्वेन इथे उतरला होता, भारतातला पहिला सिनेमा इथे दाखवला गेला, आणि जमशेटजी टाटांना इथे प्रवेश नाकारला म्हणून त्यांनी ताजमहाल हॉटेल बांधले. यातल्या पहिल्या दोन खऱ्या आहेत, तिसरीविषयी पुढे बोलू. पण या तिन्ही गोष्टी इमारतीच्या आत घडलेल्या, किंवा घडल्या असे मानलेल्या आहेत. खुद्द इमारत कशी उभी राहिली, हे त्या तिन्हींपेक्षा मोठे प्रकरण आहे, आणि ते मात्र फारसे कोणी सांगत नाही. पाच मजली असूनही तिच्या दर्शनी भिंती वरच्या मजल्यांचा भार वाहत नाहीत. भार वाहतो तो इंग्लंडात ओतून, जहाजाने आणून, इथे जोडलेला लोखंडी सांगाडा. बिडाच्या खांबांवर उभी राहिलेली, आज टिकून असलेली भारतातली ही सर्वांत जुनी इमारत मानली जाते. असे बांधकाम त्या काळी युरोप-अमेरिकेतही हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच होते.

तिची गोष्ट कापसापासून सुरू होते. १८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले आणि दक्षिणेकडच्या बंदरांची कोंडी झाली. लँकेशरच्या गिरण्यांना कापूस मिळेना. मग गुजरात, खानदेश, वऱ्हाडातला कापूस सोन्याच्या भावाने विकला जाऊ लागला. तो जहाजावर चढत होता मुंबईत, म्हणून पैसाही साचला मुंबईत. चार वर्षांत शहरात इतका पैसा आला की त्याचे काय करावे हेच लोकांना कळेना. बँका निघाल्या, समुद्र बुजवण्याच्या कंपन्या निघाल्या, आणि त्यांच्या शेअरवर सट्टा सुरू झाला.

याच काळात, १८६२ साली, सर बार्टल फ्रियर गव्हर्नर होऊन आले. त्यांनी शहराभोवतीच्या कोटाचे तट पाडायचे ठरवले. तटाची लष्करी गरज कधीच संपली होती, उरली होती ती नुसती गर्दी आणि दुर्गंधी. तटाबाहेर एक मोठे मैदान मोकळे ठेवलेले होते. शत्रू आला तर तोफांच्या माऱ्याला आडोसा राहू नये, एवढ्यासाठी तिथे बांधकामाला बंदी होती. या मैदानाला एस्प्लनेड म्हणत. आजचे आझाद मैदान, क्रॉस मैदान, ओव्हल हे त्याचेच उरलेले तुकडे. तट गेल्यावर या मैदानाच्या कडेचे भूखंड लिलावात काढले गेले आणि त्या पैशातून सार्वजनिक इमारती बांधायची योजना झाली. उच्च न्यायालय, विद्यापीठ, सचिवालय ही आज आपण मुंबईची शान म्हणून दाखवतो ती रांग या योजनेतली.

१८६४ च्या लिलावात एक भूखंड जॉन हडसन वॉटसन नावाच्या कापडवाल्याने घेतला. हा मूळचा इंग्लंडच्या उत्तरेकडच्या कंबरलँड परगण्यातला. मुंबईत त्याचे कापडाचे आणि शिलाईचे चांगले चाललेले दुकान होते. साहेबलोकांचे कपडे, मडमांची रेशमे, मोजे-हातमोजे असा त्याचा व्यापार. नव्या जागेवर दुकान आणि कचेऱ्यांसाठी भव्य इमारत बांधावी, असा त्याचा सुरुवातीचा विचार होता. हॉटेलची कल्पना मागाहून आली.

१८६५ च्या वसंतात अमेरिकेतले युद्ध संपले आणि कापसाचा भाव कोसळला. त्या पाठोपाठ मुंबईतले शेअर बुडाले, बँका बुडाल्या, प्रेमचंद रायचंदांसारखा शहराचा अनभिषिक्त राजाही बुडाला. आदल्या वर्षी तेजीच्या भावाने जमीन घेतलेल्या माणसाने अशा वेळी हात आखडता घेतला असता तर नवल नव्हते. वॉटसनने तसे केले नाही. १८६७ ते १८६९ या पडत्या काळात त्याने इमारत उभी केली, आणि तीही या शहराने कधी न पाहिलेल्या पद्धतीने.

या इमारतीचा आराखडा केला रोलंड मेसन ऑर्डिश या अभियंत्याने. त्याचे नाव आज इंग्लंडातही फारसे कोणाच्या ओठावर नाही, ही हळहळण्यासारखी गोष्ट आहे. १८५१ साली लंडनच्या हाइड पार्कमध्ये लोखंड आणि काचेचा क्रिस्टल पॅलेस उभा राहिला, तेव्हा त्याचे तपशिलाचे नकाशे काढणाऱ्यांत ऑर्डिश होता. लंडनच्या सेंट पँक्रस स्थानकाचे जे एकसंध कमानदार छप्पर आहे, मधे एकही खांब न घेता २४० फूट पसरलेले, त्याच्या रचनेतही त्याचा वाटा होता. टेम्सवरचा अल्बर्ट ब्रिज त्याचाच. म्हणजे वॉटसनने कोणा हौशी नकाशेवाल्याला पकडले नव्हते. लोखंडाकडून काय काम घेता येते, हे त्या काळात ज्यांना सर्वांत चांगले कळत होते त्यांच्यापैकी एकाला त्याने हे काम दिले होते.

ओतकाम झाले डर्बी शहरातल्या फिनिक्स फाउंड्रीत. ऑर्डिशही त्याच डर्बीशर परगण्यातला. खांब, तुळया, सज्जांचे आधार, कठड्यांच्या जाळ्या असा एकेक भाग तिथे तयार होऊन जहाजावर चढला. हा माल निघाला तेव्हा सुएझचा कालवा खुला झालेला नव्हता, तो झाला १८६९ च्या नोव्हेंबरात. त्यामुळे मुंबईत येणाऱ्या लोखंडाला आफ्रिकेला संपूर्ण वळसा घालून, केप ऑफ गुड होपवरून, महिनोन्‌महिने प्रवास करावा लागला. पायथ्याचे तांबडे दगडसुद्धा वॉटसनच्या मुलखातल्या पेनरिथच्या खाणीतून आणले गेले. सह्याद्रीच्या काळ्या पाषाणावर वसलेल्या आणि कुर्ल्या-मालाडच्या खाणी हाताशी असलेल्या शहरात दगड इंग्लंडातून आणणे हा हौसेचा कळस म्हणायचा. पण वॉटसनला आपल्या गावाचा दगड आपल्या इमारतीला लागलेला बघायचा असेल, तर ती हौस मला समजते.

माल उतरला, जुळणी सुरू झाली, आणि मुंबईकर चक्रावले. घर म्हणजे आधी पाया, मग भिंती, मग छप्पर. इथे भिंतींचा पत्ता नाही आणि खांबांवर खांब चढत आभाळाला भिडलेले. एका समकालीन वर्णनात या रिकाम्या सांगाड्याला पक्ष्यांच्या प्रचंड पिंजऱ्याची उपमा दिली गेली. ज्याने ती दिली त्याने मर्म नेमके पकडले होते.

हे बांधकाम समजायला महाराष्ट्रातल्या माणसाला खरे तर अवघड जाऊ नये. आपला जुना वाडा आठवा. वाड्याचा भार लाकडी खांब आणि तुळया पेलतात. खांबांमधल्या खणात विटांची किंवा मातीची भिंत नुसती भरलेली असते. भिंत ढासळली तरी माळा जागेवर राहतो. ऑर्डिशच्या सांगाड्याचे तत्त्व हेच: खांब, तुळई, खण आणि खणात भरलेली विटांची पातळ भिंत. फरक आहे तो साहित्याचा, उंचीचा आणि गणिताचा. सागाचा वासा जेवढा मिळेल तेवढाच लांब, जेवढा जाड तेवढाच दणकट. सुताराचा अंदाज पिढ्यान्‌पिढ्यांच्या अनुभवातून आलेला. ऑर्डिशकडे प्रत्येक खांबावर किती भार येणार याचा हिशेब कागदावर होता, आणि त्या हिशेबाबरहुकूम भाग हजारो मैलांवर ओतले जात होते. जुळणी करणाऱ्या माणसाने मूळ अभियंत्याचे तोंडही पाहिलेले नसे.

लोखंडाचीही दोन रूपे इथे कामाला लावली होती. साच्यात ओतलेले बीड दाबाखाली फार मजबूत असते, पण ताण आला तर कचकन तुटते. घडीव लोखंड ताण सोसते. म्हणून खांब बिडाचे, कारण त्यांच्यावर वरून फक्त दाब येतो. तुळया घडीव लोखंडाच्या, कारण भार आला की तुळईची खालची बाजू ताणली जाते. हे ज्ञान सहजासहजी आलेले नव्हते. १८४७ मध्ये इंग्लंडात डी नदीवरचा बिडाच्या तुळयांचा रेल्वेपूल गाडीखाली तुटला आणि माणसे मेली, त्यानंतर तुळयांना बीड वापरण्याबाबत अभियंत्यांचे डोळे उघडले. वीस वर्षांनी मुंबईत उभ्या राहिलेल्या सांगाड्यात तो धडा मुरलेला आहे.

आता तिच्या मोठेपणाबद्दल. जगात अशा इमारतींची वंशावळ मांडली तर सुरुवातीच्या काही नावांत इंग्लंडातल्या शीरनेसच्या गोदीतले नौकांचे कोठार येते. ते १८५८ ते १८६० या काळात बांधलेले, चार मजली, पण माणसांच्या वस्तीसाठी नव्हे. फ्रान्समध्ये नोइझिएल इथली मेनिए चॉकलेट कंपनीची गिरणी नदीवर लोखंडी सांगाड्यात उभी राहिली ती १८७१-७२ मध्ये. शिकागोची होम इन्शुरन्स बिल्डिंग, जिला जगातली पहिली गगनचुंबी इमारत म्हणून मान मिळतो, ती झाली १८८५ मध्ये. वॉटसनचे हॉटेल या सगळ्यांच्या मधे बसते. माणसांनी राहावे म्हणून बांधलेली इतकी उंच लोखंडी सांगाड्याची इमारत तिच्याआधी शोधू गेले तर फार थोड्या सापडतील. शिकागोची ती इमारत १९३१ मध्ये पाडली गेली. शीरनेस आणि नोइझिएल दोन्ही आज जपलेल्या आहेत. या वंशातली आशियातली शाखा आपल्याकडे आहे, फोर्टात, भर रस्त्यावर. आज लोअर परळपासून घोडबंदरपर्यंत जे टॉवर उठत आहेत त्यांतल्या पुष्कळांचा भार सांगाडाच पेलतो, भिंती नुसत्या आडोशाला असतात. या शहरात ही रीत इतक्या मोठ्या प्रमाणावर प्रथम दिसली ती वॉटसनकडे.

तरीही मुंबईने तिच्यावर माया केली नाही, आणि याचे एक कारण मला तिच्या जन्मातच दिसते. तिच्या आगेमागे उभ्या राहिलेल्या गॉथिक इमारतींत इथल्या हातांची कला आहे. राजाबाई टॉवरवर पश्चिम हिंदुस्थानातल्या नाना जातीजमातींच्या ज्या मूर्ती आहेत, त्यांचे नमुने रावबहादूर मुकुंद रामचंद्र यांनी केले. बोरीबंदरच्या स्थानकावरचे मोर, माकडे, पानेफुले घडवण्यात जे. जे. कलाशाळेच्या विद्यार्थ्यांचा हात होता. कुर्ल्याचा दगड, पोरबंदरचा दगड, इथलाच पाथरवट. वॉटसनच्या इमारतीत स्थानिक कारागिराला आपली खूण सोडायला जागाच नव्हती. सगळे वरून ठरून, ओतून आलेले. ती या मातीतून उगवली नाही. पण शहराच्या पुढच्या दीडशे वर्षांचे बांधकाम तिच्या वाटेने गेले, गॉथिकच्या नव्हे.

४ फेब्रुवारी १८७१ रोजी हॉटेल उघडले. त्याच वर्षी वॉटसन वारला, त्यामुळे आपल्या हॉटेलची भरभराट त्याच्या नशिबी नव्हती. पाच मजले, १३० खोल्या. तळमजल्यावर भोजनगृह आणि मद्यगृह. इमारतीच्या पोटात काचेच्या छताखाली एक मोठे दालन होते, त्यात साहेबांचे नाच होत. आणि प्रत्येक मजल्यावर बाहेरच्या अंगाने रुंद सज्जे, खोल्याखोल्यांना जोडणारे. सांगाड्यामुळेच ते शक्य झाले, जाड दगडी भिंतींच्या इमारतीला इतकी मोकळीक परवडली नसती. पश्चिमेचा वारा सज्जातून थेट खोलीत येई. मुंबईच्या घामट हवेत ही मोठीच चैन होती. कामाला इंग्लंडातून आणलेल्या वाढपिणीसुद्धा होत्या. पाहुणे अर्थातच गोरे.

सुएझच्या कालव्याने हॉटेलचे दिवस फुलवले. तोवर हिंदुस्थानात येणारा गोरा माणूस नोकरीला किंवा पलटणीत येत असे आणि ओळखीपाळखीने कोणाच्या तरी बंगल्यात उतरत असे. कालवा झाल्यावर विलायतेची वाट काही आठवड्यांवर आली आणि नुसता हिंडायला येणारा, पुढच्या बोटीची वाट बघणारा, व्याख्यानांचा दौरा काढणारा असा नव्या जातीचा प्रवासी मुंबईत उतरू लागला. त्याला ओळखीचा बंगला नव्हता, त्याला खोली हवी होती.

मार्क ट्वेन असाच आला, १८९६ च्या जानेवारीत. धंद्यात कर्जबाजारी झाला होता आणि कर्ज फेडण्यासाठी जगभर व्याख्याने देत निघाला होता. मुंबईत उतरला तेव्हा खोकल्याने बेजार होता, म्हणून बराच वेळ हॉटेलातच असे. पुढच्या वर्षी प्रसिद्ध झालेल्या ‘फॉलोइंग द इक्वेटर’ या प्रवासवर्णनात त्याने मुंबईच्या कावळ्यांवर फार गमतीने लिहिले आहे. सज्जाच्या कठड्यावर बसून ते त्याच्याबद्दल आपापसांत चर्चा करीत, असे त्याला वाटे. ही कावळ्यांची गोष्ट सगळे सांगतात. त्याच पानांच्या आसपास दुसरी एक गोष्ट आहे, ती मात्र सांगितली जात नाही. त्याच हॉटेलात खोलीची व्यवस्था लावताना एका धिप्पाड जर्मन माणसाने नोकराच्या तोंडावर फटका मारला. नोकराने तो मुकाट सोसला. ते पाहून ट्वेनला आपले बालपण आठवले, अमेरिकेच्या दक्षिणेतले, गुलामांना मारणे ही जिथे रोजची गोष्ट होती. इतक्या वर्षांत आपण हे दृश्य विसरून गेलो होतो, असे त्याने लिहिले. वॉटसनच्या हॉटेलाचे मला ठाऊक असलेले सर्वांत प्रामाणिक वर्णन हेच आहे. वारा घेणारे सज्जे आणि थोबाडीत सोसणारा नोकर, दोन्ही एकाच छताखाली.

त्याच वर्षी ७ जुलैला इथे ल्युमिए बंधूंच्या सिनेमॅटोग्राफचा खेळ झाला. पॅरिसमध्ये त्यांचा पहिला जाहीर खेळ २८ डिसेंबर १८९५ चा. म्हणजे अवघ्या सव्वासहा महिन्यांत हलती चित्रे मुंबईत पोचली. यामागेही पुन्हा समुद्राचा रस्ताच होता. ल्युमिएंचा माणूस मारियस सेस्तिए हा ऑस्ट्रेलियाला निघाला होता आणि मुंबई वाटेवर होती. तिकीट एक रुपया. सहा छोटी चित्रे. त्यांत स्थानकात येणारी आगगाडी होती, कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार होते, समुद्रस्नान होते, पाडली जाणारी एक भिंतही होती.

हॉटेलातला खेळ मूठभरांसाठी होता. पण आठवडाभरातच, १४ जुलैपासून, तो नॉव्हेल्टी थिएटरात हलला. तिथे चार आण्यांचेही तिकीट होते आणि मग सारे शहर लोटले. या खेळांनी भारावलेल्यांत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर होते, मुंबईत छायाचित्राचा धंदा करणारे, लोक ज्यांना सावेदादा म्हणत. त्यांनी लंडनहून कॅमेरा मागवला, किंमत २१ गिनी. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनवर झालेली पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती त्यांनी चित्रित केली. केंब्रिजहून सीनियर रँग्लर होऊन आलेल्या रघुनाथराव परांजप्यांचे मुंबईने केलेले स्वागतही त्यांनी टिपले. दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी बारा-चौदा वर्षांचा हा काळ. वॉटसनच्या दालनातून निघालेली वाट इतक्या लवकर मराठी माणसाच्या हातात कॅमेरा देऊन गेली.

आता टाटांची गोष्ट. जमशेटजी वॉटसनमध्ये गेले, ‘फक्त गोऱ्यांसाठी’ म्हणून त्यांना अडवले गेले आणि अपमानाने पेटून त्यांनी ताज बांधले. गोष्ट ऐकायला बरी वाटते, पण अनेक अभ्यासक तिला दंतकथाच मानतात, आणि मलाही तसेच वाटते. ज्या माणसाने पोलादाचा कारखाना, जलविद्युत आणि विज्ञानसंस्था यांची स्वप्ने पाहिली, त्याला आपल्या शहरात जगाच्या तोडीचे हॉटेल असावे असे वाटायला दरवाजातल्या अपमानाची गरज नव्हती. प्लेगने मुंबईचे नाव खराब झाले होते आणि चांगल्या हॉटेलची गरज उघड होती. अपमानाच्या गोष्टीने जमशेटजी उगाच लहान होतात. वॉटसनमधला वर्णभेद मात्र खरा होता, त्यासाठी या दंतकथेची गरज नाही. ट्वेनने पाहिलेला फटका पुरेसा आहे.

१६ डिसेंबर १९०३ रोजी ताज उघडले आणि वॉटसनचा तोरा उतरत गेला. ताजमध्ये विजेचे दिवे होते, समोर बंदर होते. पुढे वॉटसनचे हॉटेल बंद पडले, इमारतीचे हात बदलले, नाव आधी महेंद्र मॅन्शन आणि मग एस्प्लनेड मॅन्शन झाले. हॉटेलच्या खोल्यांचे गाळे पडले. आणि इथे तिचे दुसरे आयुष्य सुरू झाले, ज्याची इतिहासकारांनी फारशी दखल घेतलेली नाही.

लागूनच जुने सचिवालय, जिथे आता दिवाणी आणि सत्र न्यायालय आहे. पलीकडे हाकेच्या अंतरावर उच्च न्यायालय. साहजिकच वकिलांनी गाळे घेतले. वकिलांमागोमाग नोटरी, टंकलेखक, मुद्रांक विकणारे, झेरॉक्सवाले आले. वर काही कुटुंबे राहत होती. तळाला उपाहारगृह आणि दुकाने होती. नाचाच्या दालनाचे काचेचे छत हरवले आणि त्या चौकात एअरकंडिशनरचे डबे, वायरींची जाळी आणि पाण्याच्या नळ्या लटकू लागल्या. वकिलाकडे येणारा सातारा-रत्नागिरीचा पक्षकार, बगलेत कागदांची पिशवी धरून, लाकडी जिना चढून ज्या गाळ्यात जात होता तिथे एके काळी त्याच्या आजोबाला नोकर म्हणूनच पाऊल टाकता आले असते. या बदलात मला ऱ्हासापेक्षा न्याय जास्त दिसतो.

इमारतीला मात्र हे आयुष्य झेपले नाही, आणि याला भाडेकरूच जबाबदार होते असे म्हणणे खोटे ठरेल. मुंबईत १९४७ च्या भाडेनियंत्रण कायद्याने भाडी १९४० च्या पातळीला बांधली गेली. गरिबांना त्याने छप्पर दिले, हे विसरता येत नाही. पण दशके उलटली तरी भाडे तेच राहिले आणि भाड्यातून डागडुजीचा खर्च निघेना. मालक हात लावीना, भाडेकरू आपल्या गाळ्यापुरता रंग मारी. मधल्या भागाचे, म्हणजे खांब, तुळया, जिने, छप्पर यांचे, कोणीच नव्हते. १९६९ च्या दुरुस्ती मंडळाने अशा इमारतींकडून उपकर घेऊन दुरुस्ती करायचे ठरवले. हजारो इमारती आणि तुटपुंजा पैसा, यात लोखंडी सांगाड्याचे विशेष दुखणे ओळखायला सवड कोणाला होती?

ते दुखणे असे. समुद्राच्या खाऱ्या हवेत आणि चार महिन्यांच्या पावसात लोखंडाला रंगाचा थर सतत हवा. थर गेला की गंज चढतो. गंज मूळ लोखंडाच्या दुपटीहून जास्त जागा घेतो. खांबाला खेटून विटांची भिंत असेल तर फुगलेला गंज तिला फोडतो, भेगेतून आणखी पाणी शिरते, आणखी गंज. सर्वांत आधी मरतात ते सज्जे, कारण ते उघड्यावर, बाहेर लोंबते. त्यात गाळ्यागाळ्यांत पोटमाळे, जादा मोऱ्या, पाण्याच्या टाक्या. ऑर्डिशच्या हिशेबात यातले काहीच नव्हते.

२००५ च्या जूनमध्ये वर्ल्ड मॉन्युमेंट्स फंड या संस्थेने जगातल्या धोक्यात असलेल्या १०० वास्तूंची यादी जाहीर केली. तीत या इमारतीचे नाव होते, आणि ते घालण्यासाठी आग्रह धरणाऱ्यांत इटालियन वास्तुविशारद रेन्झो पियानो होते. पॅरिसच्या पाँपिदू केंद्राचा सांगाडा उघडा बाहेर मांडणाऱ्या माणसाला वॉटसनचा सांगाडा आपल्या कुळातला वाटावा, यात आश्चर्य नाही. यादी जाहीर होऊन महिना झाला नव्हता तोच १ जुलैला पश्चिमेकडचे सज्जे कोसळले. एक माणूस गेला, सहा तरी जखमी झाले. पुढे त्याच महिन्याच्या २६ तारखेला मुंबई बुडाली आणि त्या हाहाकारात वॉटसनचे सज्जे बातम्यांतून वाहून गेले. २०१८ च्या पावसात पुन्हा सज्जाचा भाग खालच्या टॅक्सीवर पडला.

२०१९ मध्ये प्रकरण उच्च न्यायालयात होते. आयआयटी मुंबईच्या अभियंत्यांनी इमारत पाडावी अशी शिफारस केली. न्यायालयाने ती रिकामी करायला सांगितले आणि वकील-व्यापारी, कुटुंबे सगळ्यांना बाहेर पडावे लागले. वारसाप्रेमी संस्थांकडच्या अभियंत्यांनी मात्र सांगाडा दुरुस्त होऊ शकतो, असे सांगितले. इमारत वारसा यादीत दुसऱ्या श्रेणीच्या ‘अ’ गटात आहे, त्यामुळे ती पाडणे कायद्यानेही सरळ नाही.

या वादात माझे मत दुरुस्तीच्या बाजूचे आहे, आणि ते केवळ जुन्याच्या प्रेमापोटी नाही. ज्याच्या डोक्यावर सज्जा पडला त्याच्या घरच्यांसमोर वारशाची महती सांगण्याची माझी हिंमत नाही. धोकादायक इमारतीत माणसे ठेवू नयेत, हे बरोबरच. पण इमारत रिकामी असताना दुरुस्तीतली सर्वांत मोठी अडचण दूर झालेली असते, कारण मुंबईत एरवी कुठलीच दुरुस्ती भाडेकरूंच्या प्रश्नापुढे सरकत नाही.

शिवाय अशी इमारत दुरुस्त व्हायला इतर जुन्या इमारतींपेक्षा सोपी असते. दगडी भिंत एका जागी खचली की तिचा परिणाम चहूकडे पसरतो. सांगाड्याचे तसे नाही. ती सुट्या भागांची बांधणी आहे, आणि तेच भाग पुन्हापुन्हा वापरलेले आहेत. एका मजल्यावरचा खांब कामातून गेला असेल तर टेकू देऊन तो काढता येतो आणि त्याच मापाचा नवा बसवता येतो. बिडाचे ओतकाम करणारे कारखाने आपल्याकडे कोल्हापुरात आणि बेळगावात आजही आहेत. पहिल्यांदा उतरवायला हवेत पोटमाळे आणि टाक्या, कारण तो भार मूळचा नाही. मग छप्पर पाणीबंद करायचे, म्हणजे गंजाचे पाणी तुटेल. त्यानंतर एकेका खांबाचा रंग खरवडून आत किती धातू उरला आहे ते मोजायचे, आणि जो टिकेल त्याला रंग, जो टिकणार नाही त्याला बदली. सज्जे सर्वांत शेवटी, नव्याने ओतून, जुन्या नक्षीबरहुकूम.